नाकावरचा राग



मागच्या अंकात आम्ही रक्तदाबाविषयी लिहिलं होतं. ते वाचून एका आजोबांचा फोन आला. म्हणाले, "सिस्टरबाई, मीठ कसं कमी करायचं ते छान समजावलंत. आता राग कसा कमी करायचा तेही लिहा. माझं प्रेशर मिठानं नाही, बातम्यांनी वाढतं." आजोबांचं म्हणणं रास्त आहे. मीठ बरणीत असतं, बरणीला झाकण लावता येतं. राग कुठल्या बरणीत ठेवायचा? "राग आवरा" असं सांगणाऱ्यांची कमतरता नाही. राबाय सांगतात, मौलवी सांगतात, पाद्री सांगतात, सासूबाई तर रोज सांगतात. पण तो आवरायचा कसा, यावर ज्यांनी खरोखर डोकं चालवलं अशी माणसं थोडी. त्यांतल्या काहींविषयी या खेपेस लिहितो. गोळीचं नाव शेवटी मिळेल म्हणून कोणी वाट पाहू नये, गोळी नाही.

मुलांनो, आधी तुमच्यासाठी एक गंमत. मराठीत रागीट माणसाला आपण म्हणतो, याच्या नाकावर राग. तुमच्या हिब्रूत 'अफ' म्हणजे नाक, आणि 'अफ' म्हणजेच राग! तोरामध्ये देवाला 'एरेख अपायिम' म्हटलं आहे. शब्दशः पाहिलं तर लांब नाकाचा, अर्थ मात्र सहनशील, सावकाश रागावणारा. आणि तापट माणूस म्हणजे 'केत्सार अपायिम', आखूड नाकाचा. रागावलेल्या माणसाच्या नाकपुड्या फुलतात, श्वास आखूड होतो, हे आम्ही वॉर्डात हजारदा पाहिलंय. आपल्या मराठीत तर तळपायाची आग मस्तकाला जाते, अंगाचा तिळपापड होतो, डोकं फिरतं. म्हणजे राग अंगात असतो हे साध्या माणसाला कधीच ठाऊक होतं. भांडण झालं ते पंडितांचं. राग अंगात असेल तर बुद्धीनं त्याला हुकूम कसा करायचा?

हा प्रश्न आमच्या डोक्यात पक्का बसला तो अबू धाबीत. तिथं सआदियात बेटावर 'अब्राहामिक फॅमिली हाउस' म्हणून एक जागा आहे. एकाच आवारात मशीद, चर्च आणि सिनेगॉग. तिन्ही इमारती सारख्या मापाच्या चौकोनी ठोकळ्यांसारख्या, डेव्हिड अड्जाये या वास्तुतज्ज्ञानं आखलेल्या. पोप फ्रान्सिस आणि अल-अझहरचे इमाम अहमद अल-तय्यब यांनी ४ फेब्रुवारी २०१९ रोजी अबू धाबीत मानवी बंधुत्वाच्या मसुद्यावर सह्या केल्या, त्यातून ही कल्पना निघाली. २०२३ च्या फेब्रुवारीत उद्‌घाटन झालं, मार्चपासून लोकांना खुलं झालं, आणि त्याच महिन्यात आम्ही चार म्हाताऱ्या तिथं जाऊन आलो. मशिदीचं तोंड मक्केकडे, चर्चचं पूर्वेला, आपल्या सिनेगॉगचं येरुशलायमकडे. बाहेरच्या तिरकस खांबांकडे पाहून सुक्क्याची आठवण होते. आमच्यातली एक म्हणाली, "अगं, आपण तर आपल्याच देवळाला मशीद म्हणायचो!" खरंच की. मुंबईत १७९६ साली सामाजी हसाजी दिवेकरांनी बांधलेल्या 'शआर हारहामीम'ला आपले लोक जुनी मशीद म्हणत. तिथल्या रेल्वे स्टेशनचं नाव मशीद बंदर पडलं ते तिच्यावरूनच, असं सांगतात.

तर या सिनेगॉगला नाव दिलं आहे मोशे बेन मायमोन यांचं. म्हणजे आपले रामबाम. आम्हांला नर्स म्हणून रामबाम जवळचे, कारण ते आधी डॉक्टर. ११३८ साली कोर्दोबात जन्मले, लहानपणीच धर्मछळामुळे घरदार सोडून निघाले, फेझ, अक्को करत मिसरला पोचले आणि सुलतान सलाहुद्दीनच्या वजिराचे वैद्य झाले. लिहिलं ते बहुतेक अरबीत. अरबांच्या देशात त्यांच्या नावाचं सिनेगॉग असावं हे आम्हांला योग्य वाटलं.

रामबाम म्हणत, शरीराला जसा वैद्य लागतो तसा मनालाही लागतो. स्वभावात टोक नको, मधला रस्ता धरा. उधळेपणा नको आणि चिक्कूपणाही नको, भित्रेपणा नको आणि आततायीपणाही नको. हे तुम्ही ऐकलं असेल. पण दोन ठिकाणी ते मधला रस्ता सोडायला सांगतात, गर्व आणि राग. या दोघांपासून अगदी दूर, टोकाला जाऊन उभे राहा. मग घरात मुलं ऐकत नसतील तर काय करायचं? त्यावर त्यांचा सल्ला असा की रागाचं सोंग करा. चेहऱ्यावर राग, आत मात्र थंड. हे वाचलं तेव्हा आमच्या डोळ्यांसमोर आमच्या पहिल्या मेट्रन उभ्या राहिल्या. त्यांनी आवाज चढवला की सगळा वॉर्ड थरथरायचा, आणि वळून ऑफिसात गेल्या की शांतपणे चहात बिस्किट बुडवायच्या. रामबाम वाचले असतील असं वाटत नाही, पण विद्या तीच.

याहून धीट गोष्ट रामबाम यांनी मोशे रब्बेनूविषयी लिहिली आहे. खडकाला काठी मारली म्हणून मोशेला वचनाच्या देशात जाता आलं नाही, हे आपण शिकलो. पण त्यात एवढं काय मोठं पाप? रामबाम म्हणतात, पाप काठीचं नाही, रागाचं. तहानेनं व्याकूळ लोकांवर मोशे चिडले, त्यांना बंडखोर म्हणाले. लोकांना वाटलं, मोशे रागावले म्हणजे देवच रागावला असणार, कारण ते त्यांच्याकडे पाहूनच शिकत होते. पुढे रामबान यांना हा अर्थ पटला नाही, त्यांनी तसं स्पष्ट लिहिलं. आम्ही त्या वादात पडत नाही. मात्र उपदेश करणाऱ्याच्या रागाचं वजन सामान्य माणसाच्या रागापेक्षा जास्त असतं, ही गोष्ट लक्षात ठेवा. पुढे लागणार आहे.

आता वाटेल, एवढा विवेकी माणूस स्वतः मनानं दगडासारखा घट्ट असेल. तर ऐका. रामबाम यांचा धाकटा भाऊ दाविद जवाहिऱ्या होता. व्यापारासाठी हिंदुस्तानच्या वाटेनं निघाला आणि हिंदी महासागरात बुडाला. त्याच्याबरोबर घरचा पैसा बुडाला आणि इतरांनी विश्वासानं दिलेलाही. बातमी कळल्यावर रामबाम ताप, फोड आणि निराशा यांनी जवळजवळ वर्षभर अंथरुणाला खिळून होते. पुढे आठ वर्षांनी अक्कोच्या एका स्नेह्याला लिहिलेल्या पत्रात ते हे सांगतात, आणि अजून सावरलो नाही, असंही सांगतात. भावाचं अक्षर किंवा त्याचं एखादं पुस्तक नजरेस पडलं की काळीज उलटायचं. मनाचा एवढा मोठा वैद्य, पण स्वतःच्या दुःखावर वर्षभर चाललं नाही औषध. आम्हांला यात त्यांचा कमीपणा दिसत नाही. उलट पुढे सलाहुद्दीनचा मुलगा अल-अफदल उदासीनं आणि पोटाच्या तक्रारीनं आजारी पडला तेव्हा रामबाम यांनी त्याला आरोग्यावर जे पुस्तक लिहून दिलं, त्यात मनाच्या हालचालींकडे वैद्यानं आधी पाहावं असं बजावलं आहे. ते त्यांनी पोथीतून घेतलं नसेल, अंथरुणातून घेतलं असेल.

साडेचारशे वर्षांनी हाच प्रश्न युरोपात एका मुलीनं विचारला. एलिझाबेथ तिचं नाव, बोहेमियाची राजकन्या, राज्य गेलेलं, हॉलंडमध्ये आश्रयाला असलेली. त्या काळचा सर्वांत नावाजलेला तत्त्वज्ञ देकार्त, त्याच्याशी तिचा पत्रव्यवहार १६४३ साली सुरू झाला. देकार्त तिला लिही की विवेकानं विकारांवर ताबा मिळवता येतो, सुख आपल्या हातात आहे. त्या वर्षांत एलिझाबेथला बारीक ताप आणि कोरडा खोकला लागलेला. १६४५ साली तिनं उलट विचारलं की, महाराज, काही आजार असे असतात की विचार करण्याची शक्तीच काढून घेतात, मग त्या माणसानं विवेक आणायचा कुठून? या मुलीला आम्ही नर्सिंगच्या पुस्तकात पहिलं पान दिलं असतं!

कारण आम्ही तेच पाहिलं. साठीचे एक गृहस्थ, अत्यंत सभ्य, रोज "तोदा, सिस्टर" म्हणणारे. एके सकाळी आम्हांला अशा शिव्या दिल्या की शेजारचा पेशंट उठून बसला. अंगाला घाम, हात थरथरताहेत. बोट टोचून साखर पाहिली तर ४२. सत्तरच्या खाली गेली की आम्ही सावध होतो, ही तर बेचाळीस. गोड सरबत दिलं, वीस मिनिटांत गृहस्थ पुन्हा सभ्य, आणि आपण काय बोललो ते त्यांना आठवतही नाही. त्यांना नीतीचे चार शब्द ऐकवून काय झालं असतं? तसंच म्हाताऱ्या माणसाला लघवीचा जंतुसंसर्ग झाला की ते बरळतात, चिडतात, पोटच्या मुलीला चोर म्हणतात. घरच्यांनी मनाला लावून घेऊ नये, डॉक्टरांना दाखवावं. हे आम्ही सतरांदा सांगतो, आज अठरावी वेळ.

देकार्तनं एलिझाबेथचं म्हणणं उडवून लावलं नाही, हे त्याचं मोठेपण. तिच्या प्रश्नांतूनच त्याचं मनाच्या विकारांवरचं पुस्तक तयार झालं, ते १६४९ साली छापलं. त्यात शिकारी कुत्र्याचा दाखला आहे, मुलांनो. तितर दिसला की कुत्रा त्याच्या मागे धावतो आणि बंदुकीचा आवाज झाला की पळतो, हा त्याचा जन्माचा स्वभाव. पण शिकवलेला कुत्रा तितर दिसला की थांबतो आणि बार झाला की पुढे धावतो. कुत्र्याला बुद्धी नसून हे जमतं, मग माणसाला सवयीनं का जमू नये? आणि राग अंगात भरला असेल तेव्हा निर्णय घेऊ नका, दुसऱ्या कशात मन घाला, रक्त शांत होऊ द्या, असा त्याचा व्यवहारी सल्ला. मुसलमानांच्या हदीसमध्येही असाच सल्ला आहे. राग आला आणि उभे असाल तर बसा, बसून गेला नाही तर आडवे व्हा. आम्ही भांडखोर नातेवाइकांना नेहमी आधी खुर्ची देत असू. बसलेल्या माणसाला ओरडणं तितकंसं जमत नाही, करून पाहा.

आता आपल्या घरच्या माणसाकडे येतो. बारूख स्पिनोझा, आम्स्टरडॅमचा. पोर्तुगालच्या धर्मन्यायालयाच्या भीतीनं पळून आलेल्या ज्यू कुटुंबात जन्मला. त्याचे विचार पटले नाहीत म्हणून तिथल्या कहालनं २७ जुलै १६५६ रोजी त्याला हेरेम दिला, तेव्हा तो २३ वर्षांचा. पुढे भिंगं घासून पोट भरलं, चव्वेचाळिसाव्या वर्षी छातीच्या आजारानं गेला. त्याच्या कपाटात रामबाम यांचं पुस्तक होतं, त्याच्याशी त्यानं वाद घातला. देवाविषयी त्याचं म्हणणं आम्हांला पटत नाही आणि सगळं कळतंही नाही. पण त्याच्या 'एथिक्स'मधली, म्हणजे त्याच्या मृत्यूनंतर १६७७ साली छापलेल्या पुस्तकातली, एक गोष्ट आम्हांला औषधाच्या चिठ्ठीइतकी खरी वाटते. तो म्हणतो, विकाराला नुसतं ज्ञान हरवू शकत नाही. एका विकाराला हरवतो तो त्याच्या उलट आणि त्याहून जोरदार दुसरा विकार. म्हणजे राग वाईट आहे हे कळून राग जात नाही. रागापेक्षा मोठं काहीतरी मनात उभं राहावं लागतं.

आणि हे लिहिणाऱ्यालाही एकदा राग आला. १६७२ च्या ऑगस्टमध्ये हेग शहरात चिडलेल्या जमावानं योहान आणि कोर्नेलिस दे विट या भावांना भर रस्त्यात ठार मारून त्यांच्या देहांची विटंबना केली. योहान दे विटच्या धोरणाचा स्पिनोझाला आदर होता. हा एरवी शांत माणूस रात्री बाहेर पडून त्या जागी फलक लावायला निघाला, खुन्यांना रानटी म्हणणारा. घरमालकानं दाराला कडी घातली आणि त्याला जाऊ दिलं नाही, नाहीतर त्याचेही तुकडे झाले असते. ही हकीकत खुद्द स्पिनोझानं लाइबनिझला सांगितली आणि त्यानं ती टिपून ठेवली. त्या घरमालकाला आम्ही नेहमी मनात नमस्कार करतो. आपल्या कोकणातल्या वाडवडिलांनी योम किप्पुरला दारफाळणीचा सण म्हटलं, दिवसभर दारं लावून घरात बसायचे, कोणाला शिवायचेही नाहीत. कधी कधी दार लावणं हीच मोठी गोष्ट असते.

त्याच शतकात आपल्या महाराष्ट्रात समर्थ रामदास मनाशी बोलत होते. आम्ही मुंबईला एली कदुरी शाळेत शिकलो, तिथं मराठीच्या बाईंनी मनाचे श्लोक पाठ करून घेतले होते. दोनशे पाच आहेत, आमचे तीसेक झाले असतील. त्या वयात कळलं नाही, आता जाणवतं की रामदास मनाला धमकावत नाहीत. त्याला चांगल्या घरच्या मुलासारखं गोडीनं हाक मारतात आणि मग काम, क्रोध, लोभ सोडायला सांगतात. हुकूम नाही, लाडीगोडी. आम्स्टरडॅमचा ज्यू आणि सज्जनगडाचा रामदासी, दोघांना एकमेकांचं नावही ठाऊक नव्हतं.

आता उपदेशाचं. आपल्या बेने इस्रायल लोकांनी १८८० च्या सुमारास मुंबईत कीर्तन सुरू केलं. दिवेकर, अष्टमकर ही त्यातली जुनी नावं. हिंदू शेजाऱ्यांचा साचा घेतला आणि आत आपली गोष्ट भरली, अव्राहामाची, योसेफाची, मोशेची. ज्यांना हिब्रू येत नव्हतं त्यांना तोरा कळली ती मराठी पदांतून. या साच्यात किती शहाणपण आहे ते आम्हांला स्पिनोझा वाचल्यावर कळलं. आधी पूर्वरंग, त्यात विचार मांडायचा. दाखले, वाद, शंका, उत्तरं. म्हणजे बुद्धीचं काम. मग उत्तररंगात आख्यान, त्यात रडवायचं. नुसता पूर्वरंग असेल तर लोक पेंगतात, आणि नुसतं आख्यान असेल तर रडून घरी जातात, हाती काही लागत नाही. दोन्ही लागतं, आणि याच क्रमानं लागतं.

लहानपणी ऐकलेलं योसेफाचं आख्यान आठवा. ज्या भावांनी विकलं तेच भाऊ धान्य मागायला दारात. योसेफाच्या हातात सत्ता, पोटात वीस वर्षांचा राग. तो त्यांना हेर म्हणतो, एकाला कैदेत टाकतो, दुसऱ्याच्या गोणीत प्याला लपवतो. मधेच आतल्या खोलीत जाऊन रडतो, तोंड धुऊन बाहेर येतो आणि पुन्हा कडक होतो. अशा माणसाचा राग कोण काढणार? यहूदा पुढे होतो. तो कायदा सांगत नाही, सूड वाईट असं प्रवचनही देत नाही. तो म्हाताऱ्या बापाबद्दल बोलतो. हा धाकटा परत गेला नाही तर आमचा म्हातारा मरेल, त्याच्याऐवजी मला गुलाम करा. बस्स, योसेफाला पुढे आवरत नाही, सगळ्यांना बाहेर घालवून तो मोठ्यानं रडतो. इथं पेटीवाला सूर धरून ठेवायचा आणि बायका पदर डोळ्याला लावायच्या. रागाहून मोठी गोष्ट उभी राहिली, राग बसला. स्पिनोझाचं सूत्र आणि आपलं आख्यान एकच.

पण जोर हा दुधारी असतो. लोकांना रडवणारा उद्या त्यांना पेटवूही शकतो. म्हणून अमिरातींनी उपदेशाला सरळ वेसण घातली. शुक्रवारचा खुतबा तिथं गेली अनेक वर्षं सरकारी खातं लिहून देतं, अरबी, इंग्रजी आणि उर्दूत प्रसिद्ध करतं, इमामानं तो वाचायचा. २०२४ च्या उन्हाळ्यात तर उन्हामुळे खुतबा आणि नमाज मिळून दहा मिनिटांत आटपायचा आदेश होता. (आपल्याकडच्या काही द्राशोतांना हा आदेश लागू व्हावा असं आमच्या मैत्रिणीचं मत, आमचं नाही!) कोणाच्या धर्माची निंदा आणि द्वेष पसरवणं हा गुन्हा ठरवणारा कायदा २०१५ साली झाला, २०२३ साली त्या जागी नवा आला. गंमत अशी की याचा निम्मा भाग स्पिनोझाला मान्य झाला असता. १६७० साली निनावी छापलेल्या ग्रंथात तो म्हणतो, धर्माच्या बाहेरच्या आचारावर राज्याची देखरेख असावी. पण निम्मा मान्य झाला नसता, कारण त्याच ग्रंथात तो म्हणतो की माणसाचं मत आणि बोलणं बांधायला जाऊ नये, आतला विचार कोणाच्याच हुकमात नसतो. आमचं म्हणणं विचाराल तर कायद्यानं आगीतलं तेल काढून घेता येतं, आणि ते काही थोडं नाही. निखारा मात्र घराघरातच विझावा लागतो.

नोव्हेंबर २०२४ मध्ये ते दिसलं. दुबईत खबादचे काम करणारे तरुण राबाय झ्वी कोगान यांना पळवून नेऊन ठार मारलं. कायदे होते, कॅमेरे होते, सिनेगॉग होतं, तरीही. त्यांची पत्नी ही आपल्या मुंबईच्या नरिमन हाउसमध्ये २००८ साली मारल्या गेलेल्या राबाय गाव्रिएल होल्ट्सबर्ग यांच्या नात्यातली. एकाच घरावर दोनदा. ती बातमी आली त्या दिवशी आमच्या ओळखीतल्या म्हाताऱ्या माणसांच्या तोंडून असे शब्द ऐकले की ते इथं लिहिता येत नाहीत. आणि नातवंडं ऐकत होती.

मग हा रागही चूक का? इथं आम्ही रामबाम यांच्या मागे शेवटपर्यंत जात नाही. जोसेफ बटलर नावाच्या इंग्रज धर्मोपदेशकानं १७२६ साली आपली पंधरा प्रवचनं छापली. त्यातली दोन लागोपाठची प्रवचनं अशी, पहिलं रागावर, दुसरं क्षमेवर. तो म्हणतो, देवानं माणसाला राग उगाच दिला नाही. परक्यावर झालेला अन्याय पाहूनही आपण संतापतो, त्या संतापावरच गुन्हेगाराला शिक्षा होते आणि दुबळा वाचतो. बिघडतो तो पुढे, जेव्हा राग झालेल्या अन्यायापेक्षा मोठा होतो, निरपराधावर जातो, किंवा समोरच्याचं दुःख पाहूनच ज्याला समाधान वाटतं असा होतो. हे आम्हांला पटतं. पेशंटला दुखावणाऱ्या माणसावर रागावली नाही ती नर्स कसली? कोगान यांच्या खुनाबद्दल मार्च २०२५ मध्ये अबू धाबीच्या न्यायालयानं तिघांना देहदंड आणि चौथ्याला जन्मठेप दिली. देहदंडाबद्दल ज्याचं त्याचं मत. आम्ही आयुष्यभर माणसं जगवायचं काम केलं, आम्हांला त्या शब्दानं आनंद होत नाही. पण आरोपींना नाव होतं, खटला झाला, शिक्षा त्या चौघांना झाली. त्यांच्या भाषेच्या किंवा धर्माच्या कोणा पाचव्याला झाली नाही.

आमचं भांडण आहे ते मोबाइलवर येणाऱ्या उपदेशकांशी. सगळ्याच धर्मांचे आहेत, आपलेही आहेत. दोन मिनिटांची फीत, मागे संगीत, लाल अक्षरं. पूर्वरंग नाहीच, एकदम आख्यान, आणि त्यातही यहूदाचं बोलणं कापलेलं. मोशे रब्बेनूंना एका रागाची एवढी मोठी किंमत पडली, यांना प्रत्येक रागाचे पैसे मिळतात! आजोबा, तुमचं प्रेशर बातम्यांनी वाढतं म्हणालात, आम्हांला शंका आहे की बातमीपेक्षा या फितींनी वाढतं. आठ दिवस फीत न पाहता दाब मोजा आणि आकडे वहीत लिहा.

मुलांनो, तुम्हांला मोठा विकार कसा असतो ते पाहायचं असेल तर नरिमन हाउसचीच गोष्ट घरच्यांकडून ऐका. सँड्रा सॅम्युएल तिथं मोशे नावाच्या बाळाला सांभाळायच्या. गोळीबार झाला तेव्हा त्या खालच्या मजल्यावर लपल्या होत्या, सुरक्षित होत्या. सकाळी वरून बाळाचा रडण्याचा आवाज आला. भीती त्यांनाही होती, बंदुकवाले घरात होते. बुद्धी सांगणार, लपून राहा. त्या वर गेल्या, बाळाला आई-बापांच्या शेजारून उचललं आणि बाहेर धावल्या. मोशेला दोन वर्षं पूर्ण व्हायला दोन दिवस होते. पुढे त्या त्याच्याबरोबर इथं आल्या, २०१० साली देशानं त्यांना मानाचं नागरिकत्व दिलं. सँड्राबाई ज्यू नाहीत. त्या वेळी त्यांनी कुठलं तत्त्वज्ञान आठवलं नसेल, भीतीहून मोठं काहीतरी जिन्यावरून वर गेलं.

एक कामाची गोष्ट राहिली. आमच्या लहानपणी कीर्तनकारांच्या हातात जाड पुठ्ठ्याच्या वह्या असायच्या, त्यांत पूर्वरंगाचे मुद्दे आणि आख्यानाची पदं हातानं लिहिलेली. आलियाच्या वेळी ट्रंकेत जागा नव्हती म्हणून पुष्कळांनी त्या तिकडेच ठेवल्या, काहींनी कपड्यांच्या घडीत आणल्या. कोणाच्या घरी अशी वही असेल, अर्धी वाळवीनं खाल्लेली असली तरी, रद्दीत देऊ नका. पुढच्या स्नेहसंमेलनाला घेऊन या. योसेफ आणि यहूदाच्या भेटीचं एक पद आम्हांला चालीसकट आठवतं, पण दुसऱ्या कडव्याच्या पुढे शब्द सापडत नाहीत. कोणाला येत असेल तर त्यांनी पेटीजवळ बसावं, मुलं झांजा धरतील.